सुरतेचा रुसी सुरती ब्रिस्बेनचा कसा झाला?

नवापूर रेल्वे स्टेशन अर्धं महाराष्ट्रात आणि अर्धं गुजरातमध्ये, हे आपल्या भागात कुणाला सांगावं लागत नाही. तिथून गाडी पुढे निघाली की उधना येतं आणि मग सुरत. उधना, लिंबायत, पांडेसरा या भागांत खान्देशातून गेलेली इतकी घरं आहेत की धुळे-नंदुरबारच्या माणसाला तिथे परकं वाटत नाही. पण याच सुरतेत जन्मलेला, भारताकडून २६ कसोटी सामने खेळलेला आणि नंतर थेट ऑस्ट्रेलियात जाऊन स्थायिक झालेला क्रिकेटपटू कोण, असं विचारलं तर बहुतेक जण डोकं खाजवतील. सुरतेतले मराठी तर खाजवतीलच, गुजरातीसुद्धा खाजवतील.

त्याचं नाव रुसी फ्रामरोज सुरती. जन्म २५ मे १९३६. आडनावातच गाव. पारशी कुटुंबांत आडनाव बऱ्याचदा गावावरून किंवा धंद्यावरून पडतं. कॉन्ट्रॅक्टर, इंजिनिअर ही धंद्याची आडनावं आणि सुरती हे गावाचं. म्हणजे आयुष्यभर हा माणूस जिथे गेला तिथे सुरतेची पाटी गळ्यात घालूनच गेला. ब्रिस्बेनमध्ये त्याचं नाव घेणाऱ्या किती जणांना ही पाटी वाचता आली असेल, ते सोडा.

त्याच्या जन्माच्या वेळी सुरत मुंबई प्रांतात होती. तो क्रिकेट खेळू लागला तेव्हाही ती मुंबई राज्यातच होती. पण क्रिकेटचा नकाशा राज्याच्या नकाशाप्रमाणे चालत नाही. रणजी करंडकात गुजरातचा संघ १९३० च्या दशकापासून वेगळा आहे, बडोदा वेगळं, सौराष्ट्र वेगळं. आपल्याकडेही मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ असे तीन संघ आहेतच की. त्यामुळे सुरती १९५६-५७ मध्ये रणजीत उतरला तो गुजरातकडून. पुढे १ मे १९६० ला राज्य दुभंगलं आणि सुरत गुजरातेत गेली. बरोबर सात महिन्यांनी, २ डिसेंबर १९६० ला, मुंबईच्या ब्रेबर्न स्टेडियमवर पाकिस्तानविरुद्ध त्याने पहिला कसोटी सामना खेळला. कर्णधार होता गोध्र्याचा नरी कॉन्ट्रॅक्टर. मुंबईवाल्यांच्या दृष्टीने दोघंही नुकतेच 'बाहेरचे' झालेले.

मधल्या काळात त्याने एक संघ बदललाही होता. त्या वर्षांत राजस्थान चांगल्या खेळाडूंना बाहेरून बोलावून संघ बांधत होतं. सलीम दुराणी तिकडेच गेला, सुरतीही गेला. राजस्थानकडून उत्तर प्रदेशविरुद्ध त्याने नाबाद २४६ धावा केल्या. प्रथम श्रेणीतली ती त्याची सर्वोच्च खेळी ठरली. पुढे तो पुन्हा गुजरातकडे आला.

काय करायचा हा माणूस?

खरं तर प्रश्न उलटा विचारायला हवा. काय करायचा नाही? डावखुरा फलंदाज. हवं तर वरच्या क्रमांकावर, हवं तर सातव्यावर. नवा चेंडू हातात दिला की डावखुरी मध्यमगती. चेंडू जुना झाला की त्याच हाताने फिरकी. कव्हरला उभा केला तर कव्हरला, फलंदाजाच्या तोंडासमोर शॉर्ट लेगला उभा केला तर तिथे. २६ कसोटींत २६ झेल आहेत त्याच्या नावावर, आणि तो काळ भारतीय क्षेत्ररक्षणाची टिंगल होण्याचा होता.

डावखुरी फलंदाजी, त्याच हाताने वेग आणि फिरकी दोन्ही, वर अफलातून क्षेत्ररक्षण. असा जगात आणखी एकच होता, गॅरी सोबर्स. म्हणून सुरतीला 'गरिबांचा सोबर्स' म्हणायला सुरुवात झाली. कौतुकच होतं ते, पण त्यात एक टोचणीही होती. गरिबांचा म्हणजे नक्कल, तात्पुरती सोय. आणि भारतीय संघाने त्याला तसंच वापरलं. त्या वेळी आपल्याकडे खरा वेगवान गोलंदाज नव्हता. बेदी, प्रसन्ना, चंद्रशेखर यांच्या हातात चेंडू द्यायचा तर आधी त्याची लकाकी घालवायला हवी. हे काम सुरतीकडे. सलामीला कुणी मिळालं नाही, सुरती. तिसऱ्या क्रमांकाचा जखमी झाला, सुरती. घरात एखादा भाचा असतो ना, लग्नात वाढपी कमी पडले की त्यालाच हाक, गाडी बंद पडली की ढकलायलाही तोच, तसं.

अशा खेळाडूचे आकडे कधीच देखणे दिसत नाहीत. कसोटीत १२६३ धावा, सरासरी २८.७०. बळी ४२, सरासरी ४६.७१. फलंदाज म्हणून मोजा तर कमी, गोलंदाज म्हणून मोजा तर त्याहून कमी. नऊ अर्धशतकं आहेत, शतक एकही नाही. नुसता हा तक्ता पाहणारा पान उलटून पुढे जाईल.

पण १९६७-६८ चा हिवाळा पाहावा लागतो.

आठ कसोटी, ६८८ धावा

त्या वर्षी जूनमध्ये लीड्सला इंग्लंडविरुद्ध क्षेत्ररक्षण करताना सुरतीच्या गुडघ्याला मार बसला होता; त्याच सामन्यात बेदीही जायबंदी झाला. इंग्लंडमधली मालिका आपण ३-० ने हरलो. त्यानंतर संघ ऑस्ट्रेलियाला निघाला तेव्हा कुणाच्या फार अपेक्षा नव्हत्या, आणि निकाल पाहिला तर तसंच झालं: ४-० असा सपशेल पराभव. या संघात मराठी नावं भरपूर होती. पुण्याचा चंदू बोर्डे, नाशिकचा बापू नाडकर्णी, अजित वाडेकर, रमाकांत देसाई, आणि अलिबागचा डावखुरा मध्यमगती उमेश कुलकर्णी, ज्याची सगळी कसोटी कारकीर्द याच एका दौऱ्यात सुरू होऊन संपली.

पहिली कसोटी ॲडलेडला. पतौडी जखमी असल्याने बोर्डे कर्णधार. सुरतीने ७० आणि ५३ धावा केल्या आणि ऑस्ट्रेलियाच्या दुसऱ्या डावात ७४ धावांत ५ बळी घेतले. कसोटीत एका डावात पाच बळी त्याने एवढ्या एकदाच घेतले. आपण हरलोच. मेलबर्नला ३० आणि ४३. तिसरी कसोटी जानेवारी १९६८ मध्ये ब्रिस्बेनच्या गॅबा मैदानावर झाली. ही जयसिंहाची कसोटी म्हणून ओळखली जाते. संघात नंतर बोलावलेला एम. एल. जयसिंहा विमानातून उतरला आणि सरावाविनाच ७४ आणि १०१ करून गेला. त्या धामधुमीत सुरतीच्या ५२ आणि ६४ धावा झाकल्या गेल्या, दोन्ही डावांत घेतलेले तीन-तीन बळीही झाकले गेले. विजयासाठी ३९५ हवे होते, आपण ३५५ पर्यंत पोहोचलो. ३९ धावांनी हार. त्या काळात परदेशात आपण इतक्या जवळ क्वचितच गेलो होतो.

सिडनीला २९ आणि २६. बेरीज करा, चार कसोटींत ३६७ धावा, सरासरी ४५ च्या वर. आठही डावांत एकदाही तो विशीच्या आत बाद झाला नाही.

तिथून संघ न्यूझीलंडला गेला आणि तिथे इतिहास घडला. परदेशातला पहिला कसोटी विजय ड्युनेडिनला आणि परदेशातला पहिला मालिका विजयही याच दौऱ्यात, ३-१. वाडेकरचं वेलिंग्टनचं १४३ लोकांना आठवतं, नाडकर्णीचे ४३ धावांतले ६ बळी जाणत्यांना आठवतात. सुरतीने या चार कसोटींत ३२१ धावा केल्या. शेवटच्या ऑकलंड कसोटीत दुसऱ्या डावात तो शतकाच्या दारात पोहोचला आणि ९९ वर बाद झाला. गंमत म्हणजे याच दौऱ्यात मेलबर्नला वाडेकरही ९९ वरच गेला होता. फरक एवढाच की वाडेकरला पुढच्याच महिन्यांत शतक मिळालं, सुरतीला कधीच नाही. तो एक धाव कमीवाला आकडाच त्याची कसोटीतली सर्वोच्च धावसंख्या म्हणून कायम राहिला.

ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंड मिळून आठ कसोटींत ६८८ धावा आणि २२ बळी. 'तात्पुरती सोय' म्हणून नेलेल्या माणसाचं हे काम.

मग ब्रिस्बेन

क्वीन्सलँड हे ऑस्ट्रेलियाचं ईशान्येकडचं राज्य, ब्रिस्बेन त्याची राजधानी आणि गॅबा त्यांचं घरचं मैदान. सुरतीने ५२, ६४ आणि सहा बळी त्यांच्याच प्रेक्षकांसमोर दिले होते. १९६८-६९ च्या हंगामात तो क्वीन्सलँडकडून शेफील्ड शील्ड खेळायला उतरला. शेफील्ड शील्ड म्हणजे त्यांची रणजीच, राज्याविरुद्ध राज्य. ती खेळणारा तो पहिला भारतीय.

क्वीन्सलँड शील्डमध्ये आलं १९२६-२७ मध्ये आणि इतक्या वर्षांत एकदाही जिंकलेलं नव्हतं. (पहिला करंडक मिळायला १९९४-९५ उजाडावं लागलं.) म्हणून बाहेरून माणूस आणायची त्यांना सवय होती. वेस्ट इंडीजचा वेस हॉल येऊन गेला होता, पुढे इंग्लंडचा टॉम ग्रेव्हनी कर्णधार म्हणून आला. सुरतीने पहिल्याच हंगामात पर्थला वेस्टर्न ऑस्ट्रेलियाविरुद्ध हॅटट्रिक घेतली. शील्डच्या सामन्यांत क्वीन्सलँडच्या कुठल्याही गोलंदाजाने घेतलेली ती पहिली हॅटट्रिक होती. चाळीसेक वर्षांत ऑस्ट्रेलियन पोरांना जमलं नव्हतं ते सुरतेच्या पारशाने केलं.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. त्याच १९६८ मध्ये फारूख इंजिनिअर इंग्लंडच्या लँकेशायर कौंटीकडे गेला. वरवर पाहता दोघांनी एकच केलं. पण इंग्लंडचा हंगाम आपल्या उन्हाळ्या-पावसाळ्यातला. तिकडे खेळून हिवाळ्यात घरी येता येतं. ऑस्ट्रेलियाचा हंगाम मात्र ऑक्टोबर ते मार्च, अगदी आपल्या रणजीच्याच महिन्यांत. तिकडे खेळायचं म्हणजे इकडचं सोडायचं. इंजिनिअरची ती जोडनोकरी होती म्हणा ना. सुरतीचं तसं नव्हतं, त्याला गाव सोडून बिऱ्हाडच हलवावं लागलं.

आणि देशही साधा नव्हता. ऑस्ट्रेलियाने कितीतरी दशकं गोऱ्यांखेरीज इतरांना वसू देण्यावर बंधनं ठेवली होती. १९६६ मध्ये ती सैल झाली आणि १९७३ मध्ये पूर्ण गेली. सुरती कुटुंब या दोन वर्षांच्या मधल्या काळात ब्रिस्बेनला पोहोचलं. आज त्या शहरात गुजराती दुकानं आहेत, गणपतीही बसतात. तेव्हा यातलं काही नव्हतं.

भारतात त्याला थांबवण्यासारखं काय होतं? कसोटी खेळल्याचे काहीशे रुपये. बाकी पोट नोकरीवर. बँक, रेल्वे, एखादी कंपनी, जी खेळाडूला रजा देईल ती. वय ३२ झालेलं, अंगात अजून चार-पाच हंगाम शिल्लक.

रग्बीच्या गावात

ब्रिस्बेन क्रिकेटचं गाव आहे, पण त्याहून जास्त रग्बीचं. आणि तिथल्या लोकांकडे सुरतीसारख्यांसाठी एक शब्द आहे जो आपल्या क्रिकेटकडे नाही: कोड बदलणं.

रग्बीचे दोन प्रकार आहेत. युनियनमध्ये १५ खेळाडू, लीगमध्ये १३. फाटाफूट झाली १८९५ मध्ये, उत्तर इंग्लंडात, आणि कारण ऐकलं तर पांडेसऱ्याच्या लूम कामगाराला लगेच कळेल. गिरण्या आणि खाणींतले कामगार शनिवारी सामना खेळायचे तेव्हा त्यांचा खाडा पडायचा. खाड्याची मजुरी क्लबने भरून द्यावी, एवढीच उत्तरेकडच्या क्लबांची मागणी. पैशाने खेळ बाटतो, असं म्हणत वरच्या मंडळींनी नकार दिला. उत्तरेच्या क्लबांनी वेगळी चूल मांडली, तीच पुढे लीग झाली. युनियनने उघडपणे पैसे द्यायला १९९५ उजाडलं. त्यानंतर मात्र उलटी वाहतूक सुरू झाली.

ब्रिस्बेन ब्रॉंकोज या लीगच्या क्लबचे दोन विंगर, वेंडेल सेलर आणि फिजीत जन्मलेला लोटे तुकीरी, युनियनकडे गेले. विंगर म्हणजे मैदानाच्या अगदी कडेने चेंडू घेऊन सुसाट पळणारा. २२ नोव्हेंबर २००३ ला सिडनीत युनियनच्या विश्वचषकाचा अंतिम सामना झाला तेव्हा ऑस्ट्रेलियाच्या दोन्ही कडांना हेच दोघं होते. पहिला ट्राय केला तुकीरीने. इंग्लंडकडून ट्राय केला जेसन रॉबिन्सनने, तोही लीगमधूनच आलेला विंगर. इंग्लंडने जादा वेळेत २०-१७ असा सामना घेतला. या तिघांवर 'दलबदलू' म्हणून टीका झाली असेल, पण कुणी त्यांना अर्धवट म्हणालं नाही. दोन्ही खेळ येणं ही तिथे कमाई समजली जाते.

क्रिकेटमध्ये कोड बदलणं असं काही नसतं. पण एका हाताने दोन वेगळ्या विद्या करणारा, तीन राज्यांच्या टोप्या घालणारा, तिसऱ्या टोपीसाठी समुद्र ओलांडणारा सुरती त्या शहराला समजला असावा, असं मानायला जागा आहे. आपल्याला तो फारसा समजला नाही.

परतीचा दरवाजा

ऑस्ट्रेलियात खेळतानाही भारताने त्याला एकदम सोडलं नाही. १९६९ मध्ये न्यूझीलंड आणि पाठोपाठ ऑस्ट्रेलियाचा संघ आपल्याकडे आला तेव्हा सुरती भारताच्या टोपीत होता. पण निवड समितीचे अध्यक्ष विजय मर्चंट यांनी तरुणांना आणायचं ठरवलं होतं. नोव्हेंबरमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध ब्रेबर्नवर कसोटी झाली. व्यंकटराघवनला बाद दिल्यावरून प्रेक्षकांनी जाळपोळ केली, ती हीच. पुढच्या कानपूर कसोटीत सुरती नव्हता, बोर्डेही नव्हता. तिथे गुंडप्पा विश्वनाथ नावाचा ठेंगणा मुलगा आला आणि पदार्पणात १३७ करून गेला. मर्चंट यांचं चुकलं असं म्हणायला तोंड राहिलं नाही. सुरतीची कसोटी कारकीर्द ब्रेबर्नवर सुरू झाली होती, ब्रेबर्नवरच संपली. क्वीन्सलँडकडून मात्र तो १९७२-७३ पर्यंत खेळला. प्रथम श्रेणीत एकूण १६० सामने, ८०६६ धावा, २८४ बळी.

आज असं दोन्हीकडे पाय ठेवून चालत नाही. भारतीय क्रिकेट मंडळ खेळत्या पुरुष खेळाडूला परदेशी लीगमध्ये जाऊ देत नाही; आधी इथून निवृत्ती घ्यावी लागते. १९ वर्षांखालच्या संघाला विश्वचषक जिंकून देणारा उन्मुक्त चंद २०२१ मध्ये निवृत्त झाला आणि मगच ऑस्ट्रेलियाच्या बिग बॅश लीगमध्ये उतरला. मुंबईचा सौरभ नेत्रावळकर एक रणजी सामना खेळून २०१५ मध्ये शिकायला अमेरिकेत गेला, संगणक अभियंता झाला आणि ६ जून २०२४ ला डॅलसमध्ये पाकिस्तानविरुद्धची सुपर ओव्हर त्यानेच टाकली. ती सुपर ओव्हर मराठी घराघरांत पाहिली गेली, त्याचं कौतुकही झालं. सुरती गेला तेव्हा असं कौतुक करायला टीव्ही नव्हता. शील्डचा धावफलक इकडच्या पेपरात आला तर आला.

सुरती ब्रिस्बेनमध्येच राहिला. १३ जानेवारी २०१३ ला मुंबईत, वयाच्या ७६ व्या वर्षी त्याचं निधन झालं.